सुझान मार्विल : श्रेयनामावलीतला दुसरा रकाना

प्रागच्या टेकडीवरच्या किल्ल्यात सेंट व्हिटसचे कॅथेड्रल आहे आणि त्या किल्ल्याच्या तटाला चिकटून बुटक्या घरांची एक अरुंद गल्ली आहे. तिला ‘सोनेरी गल्ली’ म्हणतात. मार्टिन फ्रिच या चेक दिग्दर्शकाने १९२९ साली एक मूकपट केला, त्यात कॅथेड्रलमध्ये ऑर्गन वाजवणारा एक म्हातारा या गल्लीत राहतो. एका रात्री तुरुंगातून पळालेला त्याचा जुना मित्र दारात येतो. कॉन्व्हेंटमध्ये वाढलेल्या आपल्या मुलीसाठी तो पैसे आणि पत्र म्हाताऱ्याच्या हाती सोपवतो आणि तिथेच स्वतःवर गोळी झाडतो. म्हातारा घाबरून प्रेत तळघरात पुरतो. शेजाऱ्याने ते पाहिलेले असते. पुढे ती मुलगी, क्लारा, कॉन्व्हेंट सोडून या म्हाताऱ्याच्या आश्रयाला येते आणि ज्या घराच्या तळाशी बाप पुरला आहे त्याच घरात, काहीच ठाऊक नसताना, राहू लागते.

या चित्रपटाची कथा वीत्येझ्स्लाव नेझ्वल या कवीची. ऑर्गनवादक झाला आहे कारेल हाश्लर, प्रागमधला लोकप्रिय गीतकार आणि गायक. क्लाराची भूमिका सुझान मार्विल या अभिनेत्रीने केली आहे. कॉन्व्हेंटमधून नुकत्याच बाहेर पडलेल्या, जग न पाहिलेल्या तरुणीची ही भूमिका करताना ती चौतीस वर्षांची होती आणि तोवर तिने दहा-अकरा वर्षे कॅमेऱ्यासमोर काढली होती.

चित्रपट पाहिल्यावर ही बाई कोण, म्हणून मी तिच्या नावाचा माग काढू लागलो. मी चित्रपटाचा पदवीधर नाही. नोकरी सांभाळून फिल्म सोसायटीच्या खुर्च्यांवर बसून आणि जुन्या सूच्या चाळून जे शिकलो तेवढीच माझी पुंजी. चेक भाषाही मला येत नाही. पण चित्रपटसूची वाचायला भाषा फारशी लागत नाही, आठ-दहा शब्द पुरतात. ‘रेझिये’ म्हणजे दिग्दर्शन, ‘स्त्सेनार्श’ म्हणजे पटकथा, ‘नाम्न्येत’ म्हणजे मूळ कथाकल्पना. मार्विलचे नाव मी अर्थातच कलाकारांच्या रकान्यात शोधत होतो. तिथे ते होतेच. पण काही मूकपटांच्या नोंदीत ते वरच्या, लेखनाच्या रकान्यातही होते. तिने किमान चाळीस चित्रपटांत काम केले आणि आठ चित्रपटांची पटकथा लिहिली.

चेक चित्रपटाचा इतिहास सांगताना ‘पहिली चेक चित्रतारका’ असा तिचा उल्लेख होतो. ते खरेच आहे. पण तारका म्हटले की चेहरा आला, पोशाख आले, दिग्दर्शकाचे नाव आले. लेखणी येत नाही. या लेखात मला त्या दुसऱ्या रकान्याबद्दल बोलायचे आहे.

टपाल कारकुनाची चौथी मुलगी

तिचे खरे नाव मार्टा शेलेरोव्हा. जन्म प्रागचा, ११ जुलै १८९५. वडील टपाल खात्यात कारकून होते आणि घरात सहा मुली. मार्टा त्यांतली चौथी. तेव्हा प्राग ऑस्ट्रो-हंगेरियन साम्राज्यातले एक प्रांतिक शहर होते. १९१४ च्या जूनमध्ये, एकोणीस वर्षेही पुरी झालेली नसताना, तिचे लग्न झाले आणि त्याच वर्षी तिला मुलगी झाली. त्याच उन्हाळ्यात पहिले महायुद्ध पेटले.

१९१८ मध्ये ती पडद्यावर आली. त्याच वर्षी २८ ऑक्टोबरला चेकोस्लोव्हाकिया हे नवे राष्ट्र जन्माला आले. नव्या राष्ट्राला स्वतःचा झेंडा, स्वतःचे चलन हवे होते, तसा स्वतःचा सिनेमाही हवा होता. पण सिनेमा करणारी माणसे कुठून आणायची? रंगभूमीवरच्या मान्यवर नटनट्यांना सिनेमा हा जत्रेतला प्रकार वाटे. त्यामुळे पहिल्या फळीत हौशी, नवखे आणि धाडसी लोक मोठ्या संख्येने आले. मार्टा त्यांतलीच एक.

तिने घेतलेले नावही पाहण्यासारखे आहे. चेक भाषेत स्त्रीच्या आडनावाला बहुधा ‘ओव्हा’ हा प्रत्यय लागतो. शेलेरचे शेलेरोव्हा होते. त्यामुळे आडनाव ऐकताच बाई चेक आहे हे कळते आणि ती कुणाची तरी मुलगी किंवा बायको आहे हेही कळते. ‘सुझान मार्विल’ या नावाला प्रत्यय नाही. ते फ्रेंच वाटते, पॅरिसच्या पोस्टरवर शोभेल असे आहे आणि ना वडिलांचे आहे ना नवऱ्याचे. तारकेची म्हणून जी पहिली कल्पित गोष्ट असते, ती म्हणजे तिचे नाव.

तिच्या कारकिर्दीचा पहिला टप्पा वाच्लाव बिनोव्हेत्स या दिग्दर्शकाच्या ‘वेतेबफिल्म’ या कंपनीशी जोडलेला आहे. कंपनी छोटी, भांडवल तुटपुंजे आणि चित्रपट मात्र झपाट्याने निघत. आणि याच वर्षांत मार्विल लिहू लागली.

मूकपट लिहितात म्हणजे काय करतात?

इथे एक शंका हमखास येते. ज्या चित्रपटात कुणी बोलतच नाही, त्यात लिहायचे काय?

बोलपटाच्या सवयीमुळे आपण पटकथा आणि संवाद एकत्र धरतो. मूकपटात लेखकाचे काम याच्या नेमके उलट होते. बोलून सांगण्याची सोय नसल्याने प्रत्येक गोष्ट घडवून दाखवावी लागे. नायिकेला संशय आला आहे, हे कसे कळणार? तिच्या हाती एखादे पत्र, विसरलेला हातमोजा, आरशात दिसलेला चेहरा यावा लागेल. ती वस्तू कुठल्या प्रसंगात आधी दाखवायची आणि कुठल्या प्रसंगात नंतर सापडू द्यायची, हे ठरवणे म्हणजे लेखन. पात्राला खोलीत कशासाठी आणायचे, बाहेर कशासाठी काढायचे, दोन ठिकाणी एकाच वेळी चाललेल्या घटनांची वीण कशी घालायची, हेही लेखनच.

त्या काळी चेक सिनेमात चित्रपटाच्या लिखाणाला ऑपेराच्या संहितेसारखा ‘लिब्रेतो’ हा शब्द चाले. पहिली पायरी कथाकल्पनेची, म्हणजे ‘नाम्न्येत’. ती चार पानांतही मावे. दुसरी पायरी दृश्यांच्या क्रमवार मांडणीची. तिसरी पायरी पडद्यावर येणाऱ्या मजकुराच्या पाट्यांची. या पाट्या कमीत कमी असाव्यात, असे चांगल्या लेखकाला वाटे. कारण पाटी आली की चित्र थांबते. परदेशात चित्रपट पाठवायचा तर पाट्या काढून त्या भाषेतल्या नव्या घालत. म्हणजे चित्रपटातले जे एकमेव ‘वाचता येणारे’ लेखन, तेच सर्वांत सहज बदलले जाणारे. कथेचा सांगाडा मात्र बदलत नसे. लेखक त्या सांगाड्यात होता.

आता याच गोष्टीकडे नटीच्या बाजूने पाहू. मूकपटातल्या अभिनेत्रीला कॅमेऱ्यासमोर उभे राहिल्यावर कळत असे की अमुक प्रसंगात तिच्या हातांना काही काम नाही, तमुक प्रसंगात ती नुसतीच खिडकीशी उभी आहे. ही उणीव लेखनाची असते आणि ती सर्वांत आधी नटीलाच टोचते. जी नटी स्वतः लिहू शकते, ती नुसते खिडकीशी उभे राहणे टाळू शकते. १९२२ च्या ‘आदाम आ एवा’ (आदम आणि ईव्ह) या मूकपटात दिग्दर्शन बिनोव्हेत्सचे, पण लेखन मार्विलचे आणि प्रमुख भूमिकाही तिचीच. आपल्या पात्राने काय करायचे, हे तिथे तिने आधी कागदावर ठरवले आणि मग कॅमेऱ्यासमोर केले. अभिनेत्रीच्या हाती येणारी सत्ता याहून मोठी क्वचितच असते.

ती एकटी नव्हती

मार्विल हा एकांडा चमत्कार होता असे म्हणणे सोयीचे आहे, पण खरे नाही. चेक सिनेमाच्या त्या पहिल्या दशकात स्त्रिया कॅमेऱ्याच्या मागेही होत्या. १९१२ मध्ये ‘आसुम’ नावाची कंपनी निघाली. हे नाव आंदुला सेदलाचकोव्हा ही अभिनेत्री आणि माक्स उर्बान हा तिचा वास्तुविशारद नवरा यांच्या आद्याक्षरांतून बनले होते, आणि आधी अक्षरे तिची होती. १९१८ मध्ये ओल्गा राउटेनक्रान्झोव्हा दिग्दर्शनात उतरली. तेआ चेर्वेन्कोव्हाने १९२१ मध्ये बोझेना न्येम्त्सोव्हाच्या ‘बाबिच्का’ (आजी) या कादंबरीवर चित्रपट केला. चेक घराघरात वाचली जाणारी ही कादंबरी पडद्यावर प्रथम आणणारी व्यक्ती एक स्त्री होती. पुढे चेर्वेन्कोव्हा ब्राझीलला निघून गेली. झेट मोलास या टोपणनावाने वावरणारी आणखी एक अभिनेत्री लिहीत होती आणि दिग्दर्शनही करत होती.

हे त्याच वेळी का शक्य झाले? कारण सिनेमाचा धंदा अजून घट्ट झालेला नव्हता. कामांची वाटणी पक्की नव्हती, पदव्या नव्हत्या, संघटना नव्हत्या. ज्याला जे जमेल ते त्याने करावे. पैसा आणि प्रतिष्ठा कमी असते तेव्हा दारे उघडी असतात. धंदा रुळावर आला की दारावर माणूस बसतो. हे सिनेमातच घडते असे नाही.

या बायकांत मार्विलचे वेगळेपण असे, की तिच्या नावावर तिकिटे खपत होती. १९२२ चाच ‘मार्विल डेटेक्तिवेम’, म्हणजे ‘मार्विल झाली डिटेक्टिव्ह’, हा मूकपट घ्या. पात्राचे नाव नव्हे, नटीचेच नाव शीर्षकात! चार वर्षांत एका टपाल कारकुनाच्या मुलीचे घेतलेले नाव इतके चलनी झाले होते. अशा वेळी तिने लेखनाकडे पाठ फिरवली असती तरी काही बिघडले नसते. तरीही ती लिहीत राहिली.

छोट्या देशाचे गणित

पण हा बहर टिकला नाही. याचे कारण गणिती आहे. १९२१ च्या जनगणनेत चेकोस्लोव्हाकियाची लोकसंख्या एक कोटी छत्तीस लाखांच्या आसपास होती, आणि त्यातही जर्मन, हंगेरियन, युक्रेनी अशा अनेक भाषांचे लोक. एवढ्या बाजारात चित्रपटाचा खर्च निघणे कठीण. शेजारी जर्मनीचा प्रचंड चित्रपट उद्योग, आणि पलीकडून अमेरिकन चित्रपटांचा लोंढा. प्रागच्या चित्रपटगृहाच्या मालकाला तयार परदेशी चित्रपट स्वस्तात मिळे. देशी चित्रपटासाठी तो जोखीम का घेईल? १९२० च्या दशकाच्या मध्यावर चेक निर्मिती एकदम रोडावली. छोट्या कंपन्या मिटल्या. ज्या ढिल्या, अर्धवट व्यवस्थेत नटीला लेखणी मिळाली होती, ती व्यवस्थाच विस्कटली.

दशकाच्या शेवटी चेक मूकपट पुन्हा उभा राहिला तो नव्या पिढीच्या जोरावर. त्यात मार्टिन फ्रिच होता, मार्विलपेक्षा सात वर्षांनी लहान. दिग्दर्शक म्हणून त्याचा पहिला चित्रपट ‘पाटेर वोय्त्येख’ १९२८ चा, आणि त्यात मार्विल होती. पाठोपाठ सुरुवातीला सांगितलेला ऑर्गनवादकाचा चित्रपट आला. पुढे मार्विल आणि फ्रिच यांनी लग्न केले. फ्रिच चेक सिनेमाचा एक आधारस्तंभ ठरला. चित्रपटसूचीत मात्र या टप्प्यात मार्विलचे नाव एकाच रकान्यात दिसते, कलाकारांच्या.

इथेच तिची गोष्ट सांगण्याची रूढ पद्धत पक्की होते: आधी बिनोव्हेत्सची नायिका, मग फ्रिचची नायिका आणि पत्नी. दोन दिग्दर्शकांच्या मध्ये तिची कारकीर्द बसवली की मधले आठ चित्रपटांचे लेखन कुठे ठेवायचे हा प्रश्नच उरत नाही.

आवाज आला

१९३० मध्ये चेक बोलपट आला. बोलपटाने जगभर जे केले तेच इथे केले. चेहऱ्यांची किंमत उतरली, आवाजांची चढली. मार्विलहून धाकटी आनी ओन्द्रा ही प्रागमध्ये घडलेली तारका १९२९ मध्ये लंडनला हिचकॉकच्या ‘ब्लॅकमेल’ची नायिका होती; पण तिच्या इंग्रजी उच्चारांमुळे कॅमेऱ्याच्या बाहेर उभी राहून दुसरीच नटी तिचे संवाद बोलली आणि ओन्द्राने नुसते ओठ हलवले. मार्विल तर आपल्याच भाषेत राहिली. पण आता रंगभूमीवरचे कसलेले, स्वच्छ वाणीचे नट सिनेमात आले होते. पूर्वी सिनेमाला नाके मुरडणारे हेच लोक आता त्याचे मुख्य भांडवल झाले होते. शिवाय लेखकही बदलले. बोलपटाला संवाद लागतो, म्हणून नाटककार आणि पत्रकार पटकथेकडे वळले. दृश्यांच्या वस्तूंतून गोष्ट सांगण्याची जुनी विद्या एका रात्रीत जुनाट ठरली.

फ्रिचच्या १९३२ च्या ‘सेस्त्रा आंगेलिका’ या बोलपटात मार्विल नायिका होती. आणि मग १९३७ मध्ये तिने आपली शेवटची भूमिका केली, ‘होर्दुबालोव्हे’ मध्ये.

कारेल चापेकची ‘होर्दुबाल’ ही कादंबरी १९३३ ची. युराय होर्दुबाल हा चेकोस्लोव्हाकियाच्या अगदी पूर्वेकडच्या, आज युक्रेनमध्ये असलेल्या डोंगराळ भागातला शेतकरी. अमेरिकेतल्या खाणीत आठ वर्षे राबून तो गावी परततो. बायको पोलाना ताठ, गप्प, परकी झालेली आहे. घरात श्तेपान मान्या नावाचा तरुण गडी आहे. गावाला कळते ते होर्दुबाल कळून घेत नाही. लोकांची तोंडे बंद व्हावीत म्हणून तो आपल्या लहान मुलीचा साखरपुडा त्या गड्याशी ठरवतो. शेवटी त्याचा खून होतो. मग पोलीस येतात, तपास होतो, खटला चालतो. आणि ज्या माणसाच्या मनातून आपण अर्धी कादंबरी पाहिली, त्याच्याबद्दल कोर्टात जे बोलले जाते त्यातले जवळजवळ काहीच त्या माणसाला लागू पडत नाही.

चित्रपटात होर्दुबाल झाला यारोस्लाव्ह वोय्ता, गडी झाला स्लोव्हाक नट पाल्यो बिएलिक आणि पोलाना मार्विल. बेचाळिसाव्या वर्षी तिच्या वाट्याला अशी भूमिका आली की जिच्यात मुख्य काम बोलण्याचे नाही, न बोलण्याचे आहे. पोलानाने काय केले हे सगळ्यांना दिसते. तिच्या मनात काय होते ते कादंबरीही सांगत नाही. जिने कारकिर्दीची पहिली बारा वर्षे शब्दांवाचून गोष्ट सांगण्यात काढली, अभिनयातही आणि कागदावरही, तिला निरोप घ्यायला याहून योग्य भूमिका मिळाली नसती.

दोन वर्षांनी, मार्च १९३९ मध्ये, जर्मन फौजा प्रागमध्ये शिरल्या. मार्विल त्यानंतर पडद्यावर आली नाही. १४ जानेवारी १९६२ रोजी तिचे प्रागमध्ये निधन झाले.

हिशेब

१९६२ हे साल लक्षात ठेवण्यासारखे आहे. प्रागच्या फिल्म स्कूलमधून बाहेर पडलेली वेरा खितिलोव्हा तेव्हा पहिले चित्रपट करत होती. चार वर्षांनी तिचा ‘सेडमीक्रास्की’ आला, जो आपण फिल्म सोसायट्यांत ‘डेझीज’ म्हणून पाहिला. त्याच्या लेखनात एस्टेर क्रुम्बाखोव्हाचा वाटा होता. पाहताना आपल्यापैकी बहुतेकांना वाटले, मला तर नक्कीच वाटले, की चेक सिनेमात बाईने लिहायला सुरुवात केली ती इथे. चाळीस वर्षांपूर्वी त्याच शहरात एका नटीने आठ पटकथा लिहिल्या होत्या, हे त्या रात्री सभागृहात कुणाच्या ध्यानीमनीही नव्हते.

असे का होते, याची मला तीन कारणे दिसतात. पहिले, मूकपटाची संहिता ही शिंप्याच्या कागदी बेतासारखी असते. कापड बेतले की कागदाचे काम संपते, तो कोण जपून ठेवणार? दुसरे, चित्रपटच टिकले नाहीत. त्या काळची फिल्म नायट्रेटची; ती पेटते, सडते, आणि तिच्यातली चांदी काढून घेण्यासाठी वितळवलीही जाते. तिसरे कारण सर्वांत चिवट आहे. मार्विलच्या लेखनाचा काळ हा झटपट निघणाऱ्या करमणुकीच्या चित्रपटांचा काळ होता. नेझ्वलने कथा दिली तर ती साहित्याच्या इतिहासात नोंदली जाते, चापेकच्या कादंबरीवर चित्रपट निघाला तर तो अभ्यासला जातो. नटीने स्वतःसाठी लिहिलेली गोष्ट मात्र तिच्या टोपीसारखी, झग्यासारखी, तिच्या तारकापणाचाच एक भाग समजली जाते.

मला या गोष्टीची एवढी टोचणी का, तेही सांगून टाकतो. पंचवीसेक वर्षांपूर्वी एका स्मरणिकेसाठी मी दीड वर्ष खपून जुन्या चित्रपटांची सूची केली होती. स्मरणिका छापून आली, सूचीही आली. खाली नाव नव्हते. कुणाचा दुष्ट हेतू नव्हता. ‘सूचीला कुठे लेखक असतो?’ असे मला समजुतीने सांगण्यात आले. तेव्हापासून मी कुठलीही नामावली वरपासून खालपर्यंत वाचतो. मार्विलचे नाव मला वरच्या रकान्यात दिसले ते या सवयीमुळे.

आणि दिसले याचाच अर्थ, ते कुणीतरी तिथे नोंदवून ठेवले होते. प्रागच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातल्या सूचीकारांनी तिला न्याय द्यायचा म्हणून नव्हे, तर नोंद पुरी असावी म्हणून ते नाव लेखनाच्या रकान्यात लिहिले. इतिहासकारांनी तिला तारका केले, दिग्दर्शकांच्या चरित्रकारांनी तिला पत्नी केले. लेखिका म्हणून तिला जपले ते कोरड्या नोंदीने.

चापेकच्या कादंबरीत होर्दुबालचे हृदय तपासणीसाठी तज्ज्ञांकडे पाठवले जाते आणि वाटेतच कुठेतरी गहाळ होते. तपासाचे कागद शिल्लक राहतात, हृदय मिळत नाही. मार्विलच्या बाबतीत थोडे उलट झाले आहे. चित्रपट गेले, संहिता गेल्या. पण एका रकान्यातले नाव उरले. पुढच्या खेपेला एखादा जुना मूकपट पाहायची वेळ आली, तर नट-नट्यांच्या नावांपूर्वी येणारी पाटीही वाचावी, एवढीच विनंती.